विसातले पाच

शेजारच्या वाडीत नवं घर उठतं आहे. सकाळी खिडकी उघडली की फणसाच्या ताज्या चिरलेल्या लाकडाचा वास आत येतो, ओलसर, किंचित आंबूस. परवा त्या घरचा तरुण मालक पेढे घेऊन आला. जोत्यावर अजून भिंतीही पुऱ्या चढलेल्या नाहीत, मग पेढे कसले, म्हणून विचारलं, तर म्हणाला, "कर्ज मंजूर झालं, बाई. आता घर झालंच समजा." मी पेढा हातात घेतला. तोंडात घालायला मात्र बराच वेळ लागला. आनंद त्याच्या चेहऱ्यावर इतका निखळ होता की त्याला काही सांगावं असं वाटलं नाही, आणि सांगायचं म्हटलं तरी सुरुवात कुठून करायची? तो गेल्यावर मी खिडकीशी उभी राहिले. खाली करवत चालली होती, आणि माझ्या डोळ्यांपुढे पन्नास वर्षांपूर्वीचं आमचं अर्धं बांधलेलं घर उभं राहिलं.

माझे वडील सुतार होते. दापोलीपासून देवरुखापर्यंत कितीतरी घरांच्या चौकटींना त्यांचा हात लागलेला. लोकांची माजघरं, लोकांचे देव्हारे, लोकांचे झोपाळे. आणि स्वतः मात्र आईला घेऊन दुसऱ्याच्या पडवीत भाड्यानं राहत. मी तीन वर्षांची असताना त्यांनी रत्नागिरीत, समुद्राचा वारा पोचेल अशा बेतानं, थोडी जागा घेतली आणि जांभ्याच्या चिऱ्यांचं घर काढलं. जागेला आणि भिंतींना साठवलेले पैसे पुरले. वरचं सागवान आणि मंगलोरी कौलं यांना पुरले नाहीत. आई म्हणाली होती, "दोन खोल्या पुरे होतील आपल्याला. बाकीचं बघू मागाहून." त्यावर ते म्हणाले, "मी जन्मभर दुसऱ्यांची माजघरं बांधली गो. एकदा माझं बांधू दे." हे सगळं मला आईनं पुढे सांगितलेलं, पण इतक्यांदा सांगितलेलं की त्यांचा आवाजही मला ऐकू येतो.

पैसे दिले ते गावातल्या एका पेन्शनर गृहस्थांनी. गोष्टीतल्या सावकारासारखे ते मुळीच नव्हते. सरकारी कचेरीतून निवृत्त झालेले, मृदू बोलणारे, कुणाला 'अरे' न म्हणणारे. घर गहाण ठेवून बाराशे रुपये. व्याज दरमहा शेकडा एक रुपया. वडील हसत घरी आले. "बारा रुपये महिना. दोन खिडक्यांची मजुरी." त्यांनी दिवसांचा हिशेब केला, वर्षांचा केला नाही. करणार तरी कसा? हातात बळ होतं, कामाला तोटा नव्हता, आणि घर पुरं होताना दिसत होतं.

कौलं चढली आणि चार महिन्यांतच दुसऱ्या कुणाच्या घराचं आढं बसवताना ते वरून पडले. उजवा खांदा आणि पाय. पुढची दोन वर्षं त्यांच्या हाती रंधा धरवला नाही. त्या दोन वर्षांचं व्याज थकलं, ते मुद्दलात मिळवलं गेलं, स्टँपाचा खर्चही त्यातच आला आणि पंधराशेचं नवं गहाणखत झालं. पेन्शनर स्वतः घरी आले होते. म्हणाले, "घाई काही नाही. कागद नीट असला म्हणजे झालं." आईनं त्यांना कोकमाचं सरबत दिलं. ते आमच्या माजघरातल्या खांबावरून हात फिरवत म्हणाले, "लाकूड छान आहे हो."

खांदा सुधारला तसे वडील मोंबाशाला गेले. आफ्रिकेत सुतारांना मागणी होती, मजुरी इथल्या दुपटीहून जास्त. तीन वर्षांचं कंत्राट. मी सहा वर्षांची होते. बंदरावर पडावात चढताना त्यांनी मला उचलून घेतलं आणि म्हणाले, "तू चौथीत जायच्या आत येतो, बाय." मग तो पडाव दूर उभ्या असलेल्या आगबोटीकडे जाऊ लागला आणि माणसं लहान होत गेली.

त्यांची मनीऑर्डर येऊ लागली. महिन्याला पस्तीस रुपये, पंधरा आमच्या पोटाला, वीस कर्जाला. आईला वाटलं, भराभर फिटेल. सहा महिन्यांनी ती मला घेऊन शेजारच्या आळीतल्या एका वकिलाच्या कारकुनाकडे गेली. भला माणूस होता. त्यांनी कागद वाचला, चष्मा पुसला आणि म्हणाले, "वहिनी, विसातले पंधरा व्याजात जातात. मुद्दलात पाचच."

आई म्हणाली, "म्हणजे वीस पाठवले की पाचच फिटतात?"

"सध्या तसंच. पुढं पुढं व्याज कमी होत जाईल, मुद्दल जास्त फिटेल. पण पहिली वर्षं अशीच जायची."

"मग पुरं फिटायला किती?"

कारकुनांनी पाटीवर आकडे मांडले. मी दारात बसून चिमण्या बघत होते. बऱ्याच वेळानं ते म्हणाले, "एकही महिना चुकला नाही तर साडेअकरा वर्षं."

 आईनं माझ्याकडे पाहिलं. मग विचारलं, "ही तेव्हा केवढी असेल?"

"सतरा सरत आलेली असतील."

घरी येईपर्यंत तिनं माझा हात इतका घट्ट धरला होता की बोटं दुखली. हा आकडा तिनं वडिलांना कळवला नाही. मला लिहिता येऊ लागल्यापासून पत्रं मीच लिहीत असे. ती सांगायची आणि मी पाटीवरून कागदावर उतरवायची, आणि त्या पत्रांत आंबा मोहरल्याचं, विहिरीला पाणी असल्याचं, माझ्या इयत्तेचं सगळं असायचं, तेवढं एक नसायचं. दर वाढदिवसाला ती मला दाराच्या चौकटीला टेकवून उभी करी आणि बघत राही. इतर आया मुलींची उंची बघून खूष होत. माझी आई माझ्या उंचीत काहीतरी दुसरंच मोजत असे, आणि मला ते कळत नसे. एवढंच कळे की मी वाढते आहे याचा तिला आनंद आणि भीती दोन्ही वाटतात.

तीन वर्षांचं कंत्राट संपलं, पुन्हा झालं, पुन्हा झालं. मध्ये एकदा येऊन जावं तर येण्याजाण्याचं भाडं म्हणजे वर्षभराचा हप्ता. ते आले नाहीत. एक फोटो आला: पांढरी पँट, डोक्यावर उन्हाची टोपी, मागे कुठलंसं नारळाचं झाड. झाड आमच्यासारखंच होतं म्हणून मला फार विचित्र वाटलं. तो फोटो आम्ही भिंतीला लावला नाही, कोनाड्यात टेकवून ठेवला. आई भिंतीत खिळा मारू देत नसे. "दुसऱ्याची भिंत आहे," म्हणायची. घर आमचं होतं, आम्हीच राहत होतो, आणि तरीही आम्ही तिथं पाहुण्यासारखं पाऊल टाकत असू. पेन्शनर वर्षातून एकदा येत. झोपाळ्यावर बसत, छताकडे बघत आणि जाताना म्हणत, "नीट ठेवलंय हो घर." ते गेल्यावरही झोपाळा थोडा वेळ हलत राही. आई तो हातानं थांबवी.

मिठाचा सत्याग्रह झाला, मंदी आली, मुंबईला गेलेले कितीतरी रिकाम्या हातानं परतले. आमची मनीऑर्डर चुकली नाही. ती न चुकण्यासाठी ते तिथं काय खात होते हे आम्हाला कधी कळलं नाही. मी सातवीची फायनल पास झाले. मला दोन स्थळं सांगून आली, "वडील आले की बघू" असं आई म्हणाली, आणि ती स्थळं परत गेली. मंडणगडचं माहेर आईनं त्या काळात पाहिलं नाही. घर बंद करून जायची तिला भीती वाटे. आणि मला भावंड झालं नाही. कधीतरी शेजारणीची मुलं अंगणात दंगा करू लागली की ती दार लावून घेई.

मी सतरा सरून अठराव्यात आले त्या हिवाळ्यात वडील परतले. आम्ही दोघी बंदरावर गेलो. पडावातून एक वाळलेला, काळवंडलेला, पांढऱ्या केसांचा माणूस उतरला. त्यानं आईला ओळखलं. मग माझ्याकडे बघून, किंचित मागे सरून, अदबीनं विचारलं, "ह्या कोण?"

आई म्हणाली, "ही लेक तुमची."

त्यांनी हात पुढे केला आणि अर्ध्यावरच थांबवला. उचलून घ्यायला आलेला तो हात होता. मग तो त्यांनी टोपी नीट करायला नेला.

राहिलेली रक्कम त्यांनी स्वतः नेऊन दिली. पेन्शनर तोवर अगदी थकले होते. गहाणखतावर 'भरून पावलो' लिहून त्यांनी सही केली, आणि कागद देताना म्हणाले, "मला सवय झाली होती तुमच्या घराची." वडील हसले नाहीत.

मला वाटलं होतं, आता घर भरेल. पण वडिलांना घरात वावरता येईना. स्वतःच्या हातानं घडवलेल्या दारातून आत यायच्या आधी ते क्षणभर थांबत, कुणीतरी 'या' म्हणावं तसं. तहान लागली की विचारीत, "पाणी घेऊ का?" भांडी कुठं, दिवा कुठं, आंघोळीचा तांब्या कुठं, सगळं त्यांना विचारावं लागे, आणि आईलाही त्यांच्यासमोर पदर सावरून बोलावंसं वाटे. मला ते कितीतरी दिवस 'तुम्ही' म्हणत. एकदा आई भरलेली कळशी घेऊन पायऱ्या चढत होती, तर ते घाईनं म्हणाले, "पोले पोले!" आम्ही दोघी बघतच राहिलो. तिकडच्या भाषेत 'हळू हळू' असा त्याचा अर्थ, हे त्यांनी ओशाळून सांगितलं. इतक्या वर्षांत जपून चालण्याचे शब्दसुद्धा त्यांचे दुसरे झाले होते.

पुढच्या उन्हाळ्यात त्यांनी परसात, माडांच्या मध्ये, चार वासे रोवले. मला वाटलं, कामाची शेड असेल. उरलेल्या फळ्यांच्या भिंती, वर झावळ्यांचं छप्पर, एक बाज, एक खुंटी, एक शिंकं. दहा पावलांत संपणारी खोपी. मोंबाशाला त्यांची खोली तेवढीच होती. आणि एका सकाळी आपलं अंथरूण उचलून ते तिथं राहायला गेले.

आई खोपीच्या दारात उभी राहिली. "लोक काय म्हणतील? एवढं घर असताना?"

ते खाली बघत म्हणाले, "रागावू नकोस गो. हितं मला कळतं, कुठं बसायचं ते."

लोक बोलायचं ते बोललेच. आई पहिले काही दिवस ताट नेऊन ठेवी आणि परत येई. मग जेवण होईपर्यंत थांबू लागली. मग स्वतःचंही ताट तिकडेच नेऊ लागली. पावसाळ्यात छप्पर गळलं तर दोघं मिळून झावळ्या सारख्या करीत. एका संध्याकाळी माजघरात दिवा लावताना मला आईचं हसणं ऐकू आलं. मी तिला तसं हसताना कधी ऐकलं नव्हतं. क्षणभर वाटलं, कुणी पाहुणी आली आहे. खिडकीतून पाहिलं तर ती बाजेवर पाय हलवत बसली होती, आणि वडील हातवारे करून तिला कसलीशी सिंहाची गोष्ट सांगत होते. मी सात खोल्यांच्या त्या घरात उभी होते. खांब चकाकत होते, जमीन सारवलेली होती, एक कौल हललेलं नव्हतं, आणि हाक मारावी तर आत कुणी नव्हतं. त्या क्षणी मला त्या घराची जी भीती वाटली ती अजून पुरती गेलेली नाही.

चार वर्षं ती दोघं तिथं राहिली. मग वडील तापानं गेले, तिथंच, बाजेवर, आईचा हात हातात असताना. तेरावा झाल्यावर मी आईला म्हटलं, "आता घरात चल." ती खोपीच्या उंबऱ्याशी बसली होती. म्हणाली, "येते गो. पण तुला एक सांगू? त्या घरात मी त्यांची वाट बघितली. हितं ते होते."

ती आली. पुढे बरीच वर्षं माझ्याजवळ होती, शांत होती. मी शाळेत व्याजाची गणितं शिकवत आले, मुद्दल, दर, मुदत. आणि एकदा सुटीत आमचंही गणित मांडलं. पंधराशेचे पावणेतीन हजारांच्या वर गेले होते. उत्तर बरोबर होतं, दोनदा तपासलं. ते बघताना मला पेन्शनरांचा राग आला नाही, वडिलांचाही नाही. त्यांनी जे मागितलं ते एक माजघर होतं, आणि ते त्यांना मिळालं. फक्त ज्या वर्षांत त्यात बसायचं होतं ती वर्षं त्याच्या किमतीत गेली, आणि ते कागदावर कुठंही लिहिलेलं नव्हतं.

चिऱ्याच्या भिंतींना अजून काही झालेलं नाही. येणारे जाणारे म्हणतात, केवढं भक्कम घर. खोपी मात्र वडील गेले त्याच्या दुसऱ्याच पावसात बसली. वासे कुजले, फळ्या वाळवीनं खाल्ल्या, आणि आता माडांच्या मध्ये तिची खूणही नाही. तरी परस झाडताना मी तेवढ्या जागेला वळसा घालते. तिथं कुणीतरी बसलेलं आहे, आणि त्यांचं बोलणं अजून संपलेलं नाही, असं मला वाटतं.