ताईच्या बिरड्यातलं विष

बारा वर्षं मी टीव्हीवरच्या गुन्हेगारी मालिकेसाठी खून लिहितोय. खुनी शक्यतो घरातलाच ठेवायचा, हा आमच्याकडचा नियम. परका माणूस खुनी निघाला तर बघणाऱ्यांना मजा येत नाही, असं चॅनेलवाल्यांचं म्हणणं. मीही निमूट घरं नासवत आलो.

माझी थोरली बहीण पेणजवळच्या एका खेड्यात राहते. भावोजी डोलवीला कंपनीत कंत्राटी कामाला होते. एका दुपारी शिफ्ट करून आले, वालाचं बिरडं आणि भात जेवले आणि हात धुताना कोसळले. हृदय बंद पडलं, असं डॉक्टर म्हणाले. कुणाच्या मनात दुसरं काही आलं नाही. माझ्या मनात आलं ते तीन वर्षांनी, कारण सोमवारी गोष्ट द्यायची होती आणि डोक्यात खडखडाट होता.

नावं बदलली, गाव बदललं, भावोजींना ट्रकवर ड्रायव्हर केलं. बायकोने जेवणात विष कालवलं असं लिहिलं. बिरडं तेवढं तसंच ठेवलं. साधी आमटी लिहिली असती तर काय बिघडलं असतं? पण मला मेल्याला तेव्हा अस्सलपणाचा पुळका आला होता. वर चॅनेलने ‘सत्य घटनेवर आधारित’ अशी पाटी लावली. ती प्रत्येक भागालाच लागते.

भावाने लिहिलंय म्हणून ताईने शेजारणींना हौसेने घरी बोलावून तो भाग दाखवला. भाग लोकांना आवडला, चॅनेलने तो पुन्हा पुन्हा लावला.

आधी गावात कुणाच्या लग्नाची हळद असली की जेवणातलं बिरडं ताईनेच करायचं. आता तिला चुलीपाशी कुणी बोलावेना. मी फोनवर हसण्यावारी नेलं. म्हटलं, “ताई गो, लोक विसरतात.”

“लोकांचा जाऊ दे,” ती म्हणाली. “पोरगी दिवाळीला आली नि जेवली नाय. भूक नाय म्हणाली. दोन दिवस भूक नाय? तूच जाऊन सांग तिला.”

भाची रोह्याला दिलेली. दुसऱ्याच दिवशी गेलो. तिने चहा ठेवला, आणि मी एका दमात सगळं ओकलो. गोष्ट मी रचली, पाटी खोटी, तुझ्या आईने काही केलेलं नाही, मला आळस आला म्हणून मी तुझ्या बापाचं मरण वापरलं. बोलताना मला स्वतःची शिसारी येत होती. ती शांतपणे ऐकत होती, म्हणून वाटलं, पटतंय.

“मामा,” ती म्हणाली, “तुझ्या भागांत बाईचा भाऊ शेवटपर्यंत हेच सांगत असतो.”

मी आठवून पाहिलं. भाऊ खरं बोलत होता असा एकही भाग मी लिहिलेला नव्हता.