चपला काढायची गरज नाही

मला अक्षरओळख झाली ती पत्रकांवरून. बाबा बाजारातून यायचे तेव्हा पिशवीत वांग्यांच्या खाली दोनचार पत्रकं हमखास असायची. हुंडा देऊ नका. अंगात येणं हे थोतांड आहे. मजुरीचा दर एकजुटीने मागा. पातळ गुलाबी नाहीतर पिवळा कागद, बोटाला लागणारी शाई. शाळेचं पुस्तक वाचताना माझा आवाज खाली असायचा, पत्रक वाचताना आपोआप चढायचा. तो अजूनही चढतो, आणि मला त्याची लाज वाटत नाही.

म्हणून दिवाळीच्या सुमाराला माझ्या मावसभावाने टेकडीच्या फेरीसाठी पत्रक लिहून मागितलं, तेव्हा मी ते एका बैठकीत लिहून दिलं. शेवटी लिहिलं: "इथे देव नाही, पुजारी नाही, मालगुजार नाही. चपला काढायची गरज नाही. इतिहास तुमचा आहे, ताठ मानेने या."

ही ओळ माझ्या घरातूनच आली होती. आमच्या आजोबांना मालगुजाराच्या, म्हणजे गावच्या जमीनदाराच्या, गल्लीतून जाताना चपला हातात घ्याव्या लागत. पावसाळ्यात चिखल, उन्हाळ्यात तापलेली फरशी, तरी हातात. मालगुजारी कायद्याने गेली, पण ती गल्ली बरीच वर्षं तशीच राहिली. बाबा हे सांगायचे तेव्हा जेवण थांबायचं. त्या घरात वाढल्यावर "इथे चपला काढा" अशी पाटी दिसली की माझ्या पायांनाच आधी राग येतो.

टेकडी अड्याळवरून पवनीकडे जाताना रस्त्यापासून थोडी आत आहे. लांबून पाहिलं तर गवत आणि बोरीची झुडपं, एवढंच. जवळ गेल्यावर खोदून मोकळा केलेला विटांचा मोठा गोल दिसतो. जुन्या स्तूपाचा तो पाया. विटा हातभर लांब, वरचे थर मात्र सुटायला आलेले. भोवती तारेचं कुंपण, एक फाटक आणि एक चौकीदार.

दादा, म्हणजे हा मावसभाऊ, नागपूरला प्राचीन इतिहास शिकून आला. शिकला त्यातलं काम मिळेना, म्हणून अड्याळला झेरॉक्सच्या दुकानात बसतो. रविवारी मात्र जो कोणी येईल त्याला टेकडी फिरवून दाखवतो. हे सगळं चौकीदाराच्या भलेपणावर चाललेलं. दादाने रीतसर परवानगी मागितली तेव्हा वरच्या साहेबांनी सांगितलं, "मंडईच्या दिवशी गर्दी सांभाळून दाखवा. संध्याकाळी चौकीदार विटा पाहील. विटा शाबूत राहिल्या तर दर रविवारी फेरी. नाहीतर फाटकाला कुलूप."

आमच्याकडे दिवाळीनंतर गावोगाव मंडई भरते. लेकी, जावई, सोयरे सगळे येतात. दिवसा बाजार, रात्री नाटक. त्या दिवशी प्रत्येक घरात पाहुणे असतात आणि सकाळी त्यांचं करायचं काय हा प्रश्न असतो. आमच्या पत्रकाने तो सोडवून टाकला. दहा वाजायच्या आत टेकडीवर पाय ठेवायला जागा नव्हती. टेम्पो, ऑटो, सायकली, अंगावर नवे कपडे, कोणाच्या हातात शिंगाड्यांची पिशवी. कितीतरी जणांच्या खिशातून माझा पिवळा कागद डोकावत होता. मी फाटकाशी उभी राहून ते पाहत होते. असं सुख मला दुसऱ्या कशाने झालेलं नाही.

ते सुख फार टिकलं नाही. दादाच्या भोंग्याची बॅटरी सुरुवातीलाच गेली. तो ओरडून सांगू लागला आणि त्याचं पुस्तकी मराठी गर्दीत बुडून गेलं.

"भाऊ, हा कोनाचा वाडा होता का?" एका बाईने विचारलं.

"वाडा नव्हता मावशी. स्तूप होता."

"मंग आत कोन राहे?"

"आत कोणीच राहत नसे. भरीव होता."

"आत कोनी रायत नाई, तं एवढ्या विटा कायले लावल्या बाप्पा?"

मागून एक जण म्हणाला, "आमच्या घरकुलात याच्या अर्ध्या बी नाई लागल्या. तिकडूनच उचलल्या असन ठेकेदारानं." हशा पिकला. हसता हसता लोक पुढे सरकले आणि पाहता पाहता विटांवर चढले. कोणी फोटोसाठी उभं राहिलं, कोणी पलीकडच्या मेव्हण्याला हाक मारत गोल ओलांडून निघालं. टाचा, बूट, चपला. वरच्या थरातली एक वीट खडखडली आणि जागेवरून सरकली.

तो आवाज दादाने ऐकला. तो बोलता बोलता थांबला. चौकीदार धावत आला. "अगा, उतरा ना खाली! साहेबाले काय सांगू मी?" पण गर्दीतला प्रत्येक जण दुसऱ्याला उतरायला सांगत होता. दादाने माझ्याकडे पाहिलं. तो रागावला नव्हता. पुढचे सगळे रविवार झेरॉक्सच्या मशीनसमोर जाणार, हे त्याला दिसत होतं, आणि ते मलाही दिसलं.

तेवढ्यात माझी मोठी माय वर पोचली. मोठी माय म्हणजे माझ्या थोरल्या काकांची बायको. जन्म धानाच्या बांधीत, भातखाचरात गेलेला, आवाज खणखणीत. ती विटांच्या गोलाशी आली, थबकली आणि तिने खाली न पाहता दोन्ही पायांतल्या चपला काढून बाजूला सारल्या.

"मोठी माय, काढू नको," मी म्हटलं. "मी पत्रकात लिहिलं आहे."

"तुह्या पत्रकाले काय समजते? खळ्यावर कोनी चपला घालून जाते का वं?"

"खळं नाही ते," दादा म्हणाला.

"गोल हाय. सपाट हाय. मधात मेढीची जागा हाय. अजून खळ्याले काय शिंगं रायतात?"

मेढ म्हणजे खळ्याच्या मध्यावरचा खांब, ज्याच्याभोवती मळणीचे बैल फिरतात. स्तूपाच्या मधोमध खोदकामाचा एक खड्डा राहिला होता, तो तिने मेढीचा ठरवून टाकला. आता आमच्याकडेही मळणी मशीनवर होते, पण खळ्याची रीत तिच्या अंगातून गेलेली नाही. सारवलेल्या खळ्यावर पायताण चालत नाही, आणि रास उचलेपर्यंत ते मधून ओलांडायचं नाही. कडेकडेने, बैल फिरतात तसंच फिरायचं.

आणि ती तशीच फिरायला लागली. विटांच्या बाहेर मातीचा अरुंद काठ होता, त्यावरून. वाटेत विटांवर उभा असलेला एक पाहुणा भेटला, त्याला म्हणाली, "उतर ना रे, सोन्यासारखं खळं तुडवून राहिला. तुह्या सासऱ्याचं हाय का?" तो खरंच उतरला. तिच्या मागे दोन बायांनी चपला काढल्या, मग चार जणींनी, मग पुरुषांनीही. खळं म्हटल्यावर आमच्या भागात कोणाला समजावून सांगावं लागत नाही. थोड्याच वेळात काठावरून एक लांब रांग फिरत होती आणि विटांवर कोणी नव्हतं. मागून येणारे फाटकाशीच चपला काढू लागले आणि तिथे ढीग झाला. दादा भानावर आला, भोंगा खाली ठेवून काठावर एका जागी उभा राहिला आणि समोरून सरकणाऱ्या माणसांना साध्या आवाजात सांगू लागला. आता ते ऐकू येत होतं.

मला मात्र राग आला. विटा वाचत होत्या हे खरं. पण मी ज्या पत्रकांवर वाढले त्यांनी शिकवलं होतं की सुरुवात अशीच होते. आधी चपला, मग नारळ, मग दानपेटी, मग दानपेटीपाशी बसणारा माणूस आणि मग कोणाला आत सोडायचं हे ठरवणारा माणूस. एका बाईने काठावर झेंडूचं फूल ठेवून हात जोडलेच. मी ते उचलायला वाकले.

"राहू दे ना वं," मोठी माय म्हणाली. "फुलानं वीट फुटते का?"

मी फूल राहू दिलं. रागही तसाच राहू दिला.

मग ते म्हातारे बाबा आले. ऐंशीच्या पुढचे, पांढरं धोतर, आणि पायात काळे कोरे करकरीत बूट. नाडी व्यवस्थित बांधलेली. चौकीदाराला एव्हाना जोर चढला होता.

"ओ बाबा, बूट काढा! सगळ्यायनं काढले, तुमालेच काय झालं?"

बाबांनी खिशातून पिवळा कागद काढून त्याच्यासमोर धरला. "हे वाच. मले वाचता येत नाई, नातनीनं वाचून दाखवलं. काढाची गरज नाई लिहिलं हाय का नाई?"

"लिहिलं असन. कोनं लिहिलं थे?"

"मी," मी म्हटलं.

बाबांनी मला नीट न्याहाळून पाहिलं. "पोरी, आमी गल्लीतून जावो तं बापाच्या चपला बापाच्या हातात अन् माह्या माह्या हातात. पाटलाच्या घरापुढून, मालगुजाराच्या घरापुढून. तुह्या कागदानं म्हटलं ताठ मानेनं या. मंग म्हटलं, चपलायनं नाई, बुटानंच जावाचं. मंडईच्या पयले घेतले. यायच्यासाठीच घेतले."

दादा माझ्या कानाशी आला. "तू सांग त्यांना. तुझं पत्रक आहे, तू म्हटलंस तर काढतील. त्यांनी घातले तर सगळे परत घालून विटांवर चढतील." तो हात जोडायच्या बेतात होता. त्याचं सगळं शिक्षण त्या मातीच्या काठावर उभं होतं. पण त्या माणसाला "काढा" म्हणायचं म्हणजे मी कोणाच्या बाजूला जाऊन उभी राहणार होते?

मोठी माय रांग सोडून जवळ आली. "भाऊ, आपल्या खळ्यावर बी बूट घालून जाल का?"

"माहं खळं कुठी होतं बाई," बाबा म्हणाले. "दुसऱ्याच्या खळ्यावर जनम गेला. तिथी पाय उघडेच होते. काढाचं काय त्याच्यात?"

आमचं खळं होतं. लहान, पण आमचं होतं. आजोबांच्या चपला हातात होत्या, तरी चुरणीला, म्हणजे मळणीला, मजूर आमच्याकडेही यायचे, आणि ते अनवाणी यायचे. माझ्या वडिलांच्या गोष्टीत हा भाग कधी आला नव्हता आणि मीही कधी विचारला नव्हता. मोठी माय काय आठवत होती ते मला माहीत नाही. ती त्या बुटांकडे पाहत होती.

"मंग नका काढू," ती म्हणाली. चौकीदाराकडे वळली. "यायले काढा म्हनाचं नाई. समजलं का?" आणि पुन्हा बाबांना, "तुमी त्या गवतावरून चाला. विटांवर तं आपल्याले जावाचंच नाई. चला."

ते दोघं निघाले. ती मातीच्या काठावरून अनवाणी, ते हातभर बाहेर गवतातून, बूट करकर वाजवत. अर्ध्या वाटेत त्यांचं बोलणं ऐकू आलं, ते यंदाच्या धानावरच्या तुडतुड्यांचं होतं. कोणी परत चपला घालायला गेलं नाही.

दुपारी गर्दी मंडईकडे वळली आणि फाटकाशी गोंधळ उडाला. निळ्या पट्ट्यांच्या रबरी चपला आमच्या अर्ध्या जिल्ह्याच्या पायांत असतात. "हे माही नोहे!" "अवं, दोन्ही डावेच घातले तू!" एक जावई बायकोच्या सँडल हातात घेऊन बायकोलाच शोधत होता. बाबा हे सगळं फाटकाला टेकून, पायात बूट घालून, पाहत उभे होते.

"म्हनून म्हनतो," ते हसत हसत म्हणाले, "काढाच नाई. माहे पाहा, पायातच हायेत."

संध्याकाळी चौकीदाराने विटा पाहिल्या. सकाळची ती एक सरकलेली होती. "आंदीपासूनच हालत होती म्हनतो मी साहेबाले," तो म्हणाला. चौकीदार भला माणूस आहे. पण दादाने स्वतः फोन केला आणि सांगितलं की वीट सकाळी गर्दीत सरकली, त्यानंतर एकही नाही, आणि का नाही तेही सांगितलं. मग साहेब म्हणाले, फेरी चालू ठेवा, पण फाटकावर पाटी लावा: येथे चपला काढा.

पाटी लिहायचं काम साहजिकच माझ्याकडे आलं. दादा पत्रा आणि रंग घेऊन घरी आला.

"हे मी लिहिणार नाही," मी म्हटलं.

"मग फेरी बंद."

"फेरीही बंद होणार नाही. साहेबांना विटा हव्यात ना? विटांबद्दल लिहिते."

आमचं दोन दिवस भांडण चाललं. माझ्या बाबांनी दोघांच्या बाजू घेतल्या, म्हणजे कोणाचीच नाही. शेवटी मी पत्र्यावर रंगवलं: "विटांवर पाय ठेवू नका. कडेने फिरा. अनवाणी असाल तर मातीवरून, बूट घातले असतील तर गवतावरून. इथे कोणी कोणाला चपला काढायला लावत नाही." दादाने पाटीचा फोटो साहेबांना पाठवला आणि रात्रभर झोपला नाही. सकाळी उत्तर आलं: विटा हलल्या नाहीत तर पाटी राहू द्या.

रंग वाळत होता तेव्हा मोठी माय अंगणात आली. तिच्या एका पायात तिची तपकिरी चप्पल होती आणि दुसऱ्यात कोणाची तरी निळी. मंडईपासून ती तशीच वापरत होती. मी तिला पाटी मोठ्याने वाचून दाखवली. आवाज चढला असावा, कारण शेजारची बाई कुंपणापाशी आली. मोठ्या मायने शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

"बरं हाय," ती म्हणाली. "पन ज्यायनं काढल्या, त्यायच्या चपला सांभाळाले एक मानूस ठेवा. थे नाई लिहिलं तू."