टाचेखालची शिंपली

शिंपलीकाकू कधी एका जागी स्थिर उभी राहत नसे. भाकरी थापताना, नळावर बादली भरताना, दारातल्या भाजीवाल्याशी घासाघीस करताना तिच्या टाचा जमिनीवर डावीउजवीकडे फिरत राहत. राजारामपुरीतल्या आमच्या घराला ते खूळ वाटे. "पायात मोटार बसवलीया हिच्या," काका म्हणत, आणि घर हसे. मीही हसत असे.

काकू म्हणजे माझ्या धाकट्या काकांची बायको. देवगडच्या बाजूच्या एका किनाऱ्यावरच्या गावातून लग्न होऊन घाटावर आली. तिथं ओहोटीला बायका लाट मागे सरते त्या ओल्या वाळूत उभ्या राहतात आणि टाचा फिरवतात. वाळू सैल होते, बोटाच्या पेराएवढ्या शिंपल्या तळव्याला लागतात. परत खाली शिरायच्या आत त्या उचलायच्या. मला हे तिनं स्वयंपाकघरातल्या फरशीवर शिकवलं होतं. "डोळ्यान सोधूचा नाय गो," ती म्हणायची, "टाचेक कळता." घरानं तिचं शिंपलीकाकू हे नाव चेष्टेनं ठेवलं होतं. पुढं तेच उरलं. मीही दुसऱ्या नावानं तिला कधी हाक मारली नाही.

एकदा तिच्या भावानं एसटीच्या ड्रायव्हरकडून ओल्या गोणपाटात बांधून शिंपल्या पाठवल्या. काकूनं पाणी जिभेवर चाखत चाखत त्यात मीठ घातलं आणि शिंपल्या पातेल्यात सोडल्या. खाऱ्या पाण्यात त्या तोंड उघडतात, पोटातली रेती थुंकतात. "घाई करूची नाय. तेंका येळ दी," ती मला म्हणाली. पण त्याच दुपारी आजऱ्याला एक मयत झालं आणि तिला जावं लागलं. माझ्या आईला पातेल्यातलं पाणी गढूळ दिसलं. आईनं ते ओतून दिलं, शिंपल्या तीनदा धुतल्या आणि नळाच्या स्वच्छ पाण्यात बुडवून ठेवल्या. दुसऱ्या दिवशी काकू परतली तेव्हा घरभर कुबट वास होता.

"म्हटलं न्हवतं? घाण हाय ही," काका म्हणाले. "फिरून ह्या घरात दिसता कामा न्हाय."

काकूनं पाण्यात बोट बुडवून जिभेला लावलं. आईकडं एकदा पाहिलं. मग शिंपल्या टाकून आली आणि पातेलं चिंचेनं घासत बसली. संध्याकाळी फक्त मला म्हणाली, "तेंका गोडा पाणी सोसना नाय. कोणाचा चुकला नाय गो, पाणीच येगळा." तिचा हा समजूतदारपणा तेव्हा मला थोर वाटला होता. आज वाटत नाही. चुकलं होतं, आणि कोणाचं ते घरात मला माहीत होतं. आई ते पाणी ओतत होती तेव्हा मी समोरच हातात पुस्तक धरून बसले होते.

माहेरी भाऊ गेला, घर बंद पडलं. त्यानंतर तिनं एकच मागणं लावून धरलं: एकदा त्या वाळूत उभं राहायचं. आमच्या घरची माणसं दोनदा गोव्याला गेली. घराला कुलूप नको म्हणून दोन्ही वेळा काकू मागं राहिली. "वाटेर माझ्या गावाचो फाटो फुटता," ती म्हणाली, "पाय भिजवन येतंय फक्त." काका म्हणाले, "वाकडी वाट व्हतीय. फुडच्या खेपंला बघू की." पुढं मी हातकणंगल्याच्या शाळेत शिकवू लागले, गाडी घेतली. तिनं मलाही विचारलं. परीक्षा संपल्या की जाऊ, असं मी तीन वर्षं म्हणत होते. माझ्या तोंडी 'बघू की' नव्हतं, एवढाच काय तो फरक. मी शिकलेली होते ना.

शेवटचे चार दिवस ती दवाखान्यात अर्धवट शुद्धीत होती. चादरीखाली तिच्या टाचा फिरत होत्या. सावकाश, डावीउजवीकडे, मध्येच थांबून. "झटकं येत्यात बघा," काकांनी नर्सला सांगितलं. नर्सनं दोन्ही घोटे बँडेजनं कॉटच्या दांडीला बांधले. ते झटके नव्हते, हे त्या खोलीत एका माणसाला माहीत होतं. ते माणूस सलाइनच्या बाटलीवरची अक्षरं वाचत उभं राहिलं. दुसऱ्या दिवशी दुपारी ती गेली. घोटे सोडले तेव्हा बँडेजचे वळ उमटलेले होते.

अस्थी पंचगंगेतच सोडल्या. समुद्र लांब पडतो, म्हणाले.

तिसऱ्या दिवशी चौकात मंडळानं श्रद्धांजलीचा फ्लेक्स लावला. लग्नातल्या कुठल्या तरी फोटोतून काकूला कापून काढलं होतं आणि मागं निळा समुद्र, पांढऱ्या लाटा, नारळाची झाडं चिकटवली होती. काका खाली उभे राहून बघत होते. त्यांचे डोळे भरले होते.

"शोभतीया न्हवं समुद्रात?" ते म्हणाले.

इतक्या वर्षांत त्यांना मी पहिल्यांदा उलट विचारलं, "पाय कुठं आहेत तिचे?"

काकांनी वर पाहिलं.

"फोटू कमरंपत्तूरच हाय की," ते म्हणाले.