आमची ताई दुकानात शिवते

आमची ताई दुकानात शिवते. नवे झगझगीत पोशाख नाही हं. लोकांचे जुने कपडे घट्ट करते, सैल करते, बाह्या आखूड करते. नाकं मुरडायची त्यांनी खुशाल मुरडावीत.

बाबांची गिरणी बुडाली, घर गेलं आणि पाठोपाठ बाबाही. आई आधीच नव्हती. आम्ही दोघी बहिणी दोन खोल्यांत आलो. मी रडत बसले, ताईने आठ दिवसांत काम शोधलं. पण थाट कुठे लगेच जातो? दुकानात चहा पिऊन झाला की बाईसाहेब कप तिथेच ठेवायच्या, कुणीतरी उचलेल म्हणून. दुकानाचे मालक, म्हणजे मास्तर, आठवडाभर तो मुकाट्याने विसळत होते. शेवटी त्यांनी विचारलं, पोरी, तुमच्याकडे कप आपोआप धुतले जायचे का गं? ताई लाजेने अर्धी झाली. पण वर्षभरात तिची बाही मास्तरांपेक्षा सफाईदार बसायला लागली. हे मास्तरच गिऱ्हाइकांना सांगतात.

गिरणीच्या दिवसांपासून एकाचा तिच्यावर जीव होता. खोटं कशाला बोलू, तिचाही होता. आमचे दिवस फिरल्यावर बाकीचे पसार झाले, हा मात्र येत राहिला. एका रविवारी आपल्या आईला, म्हणजे काकूंना, घेऊन लग्नाचं विचारायला आला. मला काय करू नि काय नको झालं. काकूंनी भिंतीवरची ओल न्याहाळली आणि गोड आवाजात एकच अट घातली. दुकानात जाणं बंद करायचं, आणि कुणी विचारलंच तर पोरगी हौस म्हणून शिवायची असं सांगायचं.

ताईने काकूंकडे बघितलंच नाही. त्याला विचारलं, "तुला काय वाटतं?"

तो आईकडे बघायला लागला.

"मग राहू दे," ताई म्हणाली. "हौस नव्हती ती. आम्ही दोघी त्यावर जगलो."

ते गेल्यावर मी तिला वाट्टेल ते बोलले. तुझ्या ताठ्यापायी हातातोंडाशी आलेलं घालवलंस, म्हणाले. मला काकूंचं काही चुकलंय असं वाटतच नव्हतं. मीसुद्धा कॉलेजात ताई घरीच असते असं सांगायचे. ती मोरीत नळ सोडून खूप वेळ रडली आणि दुसऱ्या दिवशी ठरल्या वेळी कामावर गेली.

चार दिवसांनी मी घराची किल्ली न्यायला दुकानात गेले. ही गर्दी! ताई एका बाईच्या झग्याचा घेर टाचत होती, चार टाचण्या तोंडात. तेवढ्यात तो आत आला. काय शिवायचंय, मास्तरांनी विचारलं. काही नाही म्हणाला, आणि सगळ्यांदेखत ताईकडे वळला.

"आईला सांगून आलोय. माझी बायको दुकानात शिवते, असंच सांगणार मी. तू हो म्हणालीस तर."

गिऱ्हाइकं बघतच राहिली. मास्तर उगाचच चष्मा पुसायला लागले. ताईने तोंडातली एकेक टाचणी काढून घेराला लावली. एकही वाकडी गेली नाही. मग म्हणाली, "मी सहाला सुटते. तोवर थांबावं लागेल."

तेव्हा तीन वाजले होते. तो दाराबाहेर भर रस्त्यावर जाऊन उभा राहिला, येणाऱ्या-जाणाऱ्यांच्या नजरा झेलत.

रांगेतल्या एका बाईने मला हळूच विचारलं, कोण गं ही शिवणारी?

"माझी सख्खी बहीण," मी म्हणाले, सगळ्या दुकानाला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने.