बासरीमास्तरांचे दात

बासरीमास्तर भेटले की प्रकृती विचारत नसत, विचारत, "दात कसे हायत?" लातुरातली आमची सगळी गल्ली हसायची. त्यांचं म्हणणं मात्र साफ होतं: आडवी बासरी ओठांनी वाजते आणि ओठ पुढच्या दातांवर टेकतात.

त्यांच्या भिंतीवर बासऱ्या टांगलेल्या असत. जत्रेतल्या उभ्या पाव्याला ते हिशेबातच धरत नसत. "फुंकलं की वाजतंय. त्यात आपलं काय?" सहा भोकांची लांब बासरी त्यांची स्वतःची. आठ भोकांची आखूड, जाड बासरी उदगीरपलीकडून आलेली, कानडी गाण्याची. बँडातली चाव्यांची, धातूची एक होती. "ही लई शिस्तीची. पण बोट भोकावर घसरत न्हाई, मग सुरातनं सुरात घसरायची मींड काढायची कुठून?"

नवा जिल्हा झाला त्या वर्षी पाऊस नव्हता. मी दिवसभर नव्या कचेरीत फायली लावायचो आणि घरी आलो की टँकरपाशी घागरी. त्यातच जिल्ह्याच्या समारंभात वाजवायचं मास्तरांना बोलावणं आलं, आणि त्यांचे पुढचे दात हलायला लागले. हिरडी सुजली, ताप चढला. डॉक्टर म्हणाले, आजच काढा. मास्तर म्हणाले, समारंभ होऊ द्या.

"जिल्हा काय नवे दात देनार हाय का?" मास्तरांच्या बायको, आमच्या काकू, कडाडल्या.

"जल्मभर लग्नाच्या गोंधळात वाजवलं गं. एकदा लोकं गप बसून ऐकू दे की."

लोक खरंच गप्प बसले. पण मध्येच सूर गेला, नुसता वारा ऐकू यायला लागला. तरीही टाळ्या पडल्या. त्याच त्यांना लागल्या. दुसऱ्या दिवशी दात काढले.

कवळीवर ओठ ठरेनात. मी सरळ सुचवलं, पावा घ्या. ते माझ्याशी बोलायचेच थांबले. मग एका संध्याकाळी ओट्यावरून हाक आली, "भाऊ, तुमचे दात शाबूत हायत. तुमी फुंका, बोटं माझी."

सूर धरायला मला बरेच दिवस लागले. मी बासरीच्या तोंडाशी, ते माझ्या उजव्या हाताला, भोकांवर बोटं ठेवून. मी दमून गेलेला असायचो. ते म्हणत, "दमलेला मानूस बरा. जोर करत न्हाई."

उन्हाळ्यात आडही आटला, तेव्हा त्यांचा मुलगा मास्तर-काकूंना मुदखेडला न्यायला आला. सामान रिक्षात चढलं. "कालची धून तेवढी संपवू," मास्तर म्हणाले, आणि आम्ही बसलो. काकूंनी हाक मारली तशी त्यांनी बोटं उचलली. मी श्वास संपेपर्यंत फुंकत राहिलो.