आयशीनं वाढलेलं

भाट्याच्या किनाऱ्यावर डॉल्फिन बघायला सगळे होडीत बसले. मी मात्र चपला राखायला वाळूतच थांबलो. आदल्या रात्री मुलाने मोबाइलवर डॉल्फिनच्याच कुळातले ओर्का दाखवले होते. ते ओळीने पोहत लाट उठवतात आणि बर्फावरचा सील पाण्यात पाडतात! होडीवाल्याने बोलावलं, तेव्हा मी त्याला हेच सांगितलं.

होडीवाला पूर्वी मोठ्या बोटीवर खलाशी होता. तोंडातली काडी या गालातून त्या गालात नेत तो हसला. "काका, मी बगितलेत ते. आयस शिकवते त्येवडाच खातात. मानूस त्यांना कुनाच्या आयशीनं वाडलाच नाय!"

होडीतून बायको म्हणाली, "म्हणजे यांच्यासारखेच! सासूबाईंनी कारलं वाढलं नाही, म्हणून अजून तोंडाला लावत नाहीत."

मला ओर्कांबद्दल एकदम भाऊबंदांचा जिव्हाळा वाटला. मी पँट दुमडली, होडीवाल्याने हात दिला, आणि मी चढलो.