दारावर चिकटवलेली नोटीस

ज्याला दिसत नाही त्याच्या दारावर कागद चिकटवायचा आणि म्हणायचं, कळवलं. असली अक्कल शिकलेल्यांनाच सुचते. मी चौथीत शाळा सोडली, मला नसती सुचली.

आम्ही शारजात, अल नहदाला तळमजल्यावर राहायचो. मी रास अल खैमाच्या सिमेंट कारखान्यात. आठवडाभर तिकडेच, गुरुवारी संध्याकाळी घरी. फ्लॅट हिच्या नावावर, कारण डोळे होते तेव्हा ही शिवणाच्या दुकानात कामाला होती आणि तिनंच तो भाड्यानं घेतला होता. मग शुगरनं डोळे खाल्ले. तरी त्या घरात ही एकटी राहायची, स्वयंपाक करायची. भिंतीला बोटं लावली की गॅस कुठे, न्हाणी कुठे, सगळं हातांना पाठ. दुसऱ्या घरात तिचे हात काय करणार?

मालकाला तळमजल्यावर दुकानं काढायची होती. त्यानं केस केली. कोर्टाचा माणूस आला, बिल्डिंगच्या नातूरकडून, म्हणजे राखणदाराकडून, दारावर नोटीस चिकटवून घेतली आणि गेला. आत ही होती. बेल वाजवायला काय बोटं झडली होती? नातूर तर रोज "अम्मा, कचरा दो" म्हणून हिच्याशी बोलायचा. त्यानंही तोंड उघडलं नाही. हिच्या हाताला कागद लागला. आमच्या दारावर हॉटेलांची मेन्यूकार्डं नेहमीच लावलेली असायची. तसलंच काही समजून हिनं तो ओढून काढला आणि तेलाच्या बरणीखाली घातला.

तारखेला ही हजर नाही, म्हणून निकाल लागला: घर खाली करा. तोही कागद दारावरच. तो मी गुरुवारी घरी आल्यावर बघितला, शेजाऱ्याकडून वाचून घेतला, तेव्हा आम्हाला केस असल्याचं कळलं.

अपिलाला वकील करायची ऐपत नव्हती, म्हणून कोर्टानंच फुकटचा दिला. सुनावणीच्या दिवशी व्हरांड्यात तो पहिल्यांदा दिसला. अरबी माणूस, मोडकी हिंदी. हिच्या हातात कागद देऊन म्हणाला, "पढ़ो, साइन करो."

"इसको दिखता नहीं," मी म्हटलं.

"अच्छा? फाइल में नहीं लिखा." मग म्हणाला, "बोलना, कोई कागज नहीं आया. खलास."

"आला होता की," ही म्हणाली.

"अगं, एवढं एक खोटं बोल," मी तिला म्हटलं. "घर वाचेल."

"अहो, मी आंधळी आहे, लबाड नाही."

आत जजनं अरबीत विचारलं. दुभाष्यानं त्याचं हिंदी केलं, "कागज मिला था?"

"हाथ को मिला. लेकिन क्या है, किसी ने बताया नहीं. घंटी भी नहीं बजाई. अंधे को आप लोग ऐसे ही बुलाते हो?"

दुभाषी जजला म्हणाला, "नअम." म्हणजे हो. झालं भाषांतर! पगार घेतो मेला.

मी उठलो. "पूरा बोलो! आधा क्यों बोला?"

शिपायानं खांदा दाबला. "बैठो. केस तुम्हारा नहीं."

बायको माझी, घर माझं, केस माझी नाही. आणि ज्यानं ती लढवायची तो आमचा वकील मोबाइलमध्ये डोकं घालून बसला होता.

ही उभीच होती. दुभाष्याच्या आवाजाकडे तोंड करून म्हणाली, "मेरी बात इतनी छोटी नहीं थी, भाई."

जजनं मान वर केली, काय म्हणते ते विचारलं. दुभाष्यानं माशी वारावी तसा हात हलवला. जजची मान पुन्हा खाली गेली.

निकाल आला: बाईंनी कागद मिळाल्याचं स्वतः कबूल केलं, तेव्हा नोटीस बरोबर. वर दया म्हणून घर सोडायला थोडी मुदत. बाहेर येऊन वकील "मबरूक", म्हणजे अभिनंदन, म्हणाला आणि हिच्यापुढे हात केला. हात तसाच लोंबकळत राहिला. मी हिला सांगितलंही नाही.

"काय मिळालं?" हिनं विचारलं.

"दया."

"ती कोणी मागितली होती?"

परवडणारं घर चौथ्या मजल्यावर मिळालं. पहिल्याच आठवड्यात हिचा हात पेटत्या शेगडीवर पडला. मग मी गुरुवारी यायचो तेव्हा ही पलंगावरच असायची. शेजारीण डबा देऊन जायची. मी म्हणायचो, चल, भिंत धर, दाखवतो. "उद्या," म्हणायची. त्या घरात ती चाललीच नाही. बसल्या बसल्याच गेली.